रिपोर्टमध्ये ‘इंटर्नल कॅप्सूल’ लिहिलंय? पहिल्यांदा वाचणाऱ्यांसाठी

‘अक्यूट इन्फार्क्ट इन पोस्टीरियर लिंब ऑफ लेफ्ट इंटर्नल कॅप्सूल, ११ बाय ८ एमएम.’ एमआरआयच्या लिफाफ्यात अशी एक ओळ असते. घरातला शिकलेला मुलगा नाहीतर सून ती चारचारदा वाचते, मोबाइलवर शोधते आणि जास्तच घाबरते. पक्षाघाताच्या रुग्णांना व्यायाम शिकवायला मी सोलापुरात घरोघरी जाते. पूर्व भागातल्या चाळीत जा नाहीतर जुळे सोलापुरातल्या बंगल्यात, पाणी देतानाच फाइल पुढे येते. प्रश्नही बहुधा तोच असतो : ठिपका तर हरभऱ्याएवढा म्हणतात, मग अख्खी बाजू कशी गेली?

या प्रश्नाचं उत्तर ‘इंटर्नल कॅप्सूल’ या दोन शब्दांत आहे. म्हणून रिपोर्टमधला हा शब्द कसा वाचायचा ते इथे पायरीपायरीने लिहिते आहे. नातेवाइकांसाठी तर आहेच, पण नर्सिंगच्या आणि फिजिओथेरपीच्या पहिल्या वर्षाच्या मुलांनाही उपयोगी पडेल. पुस्तकात आकृती पाहून पाठ केलेलं नाव वॉर्डात रुग्णाशी जोडता येत नाही, ही त्यांची नेहमीची अडचण असते.

आधी एक तातडीची गोष्ट

चेहरा वाकडा होणं, हात लुळा पडणं, बोलणं अडखळणं हे आत्ता, या घडीला सुरू असेल तर लेख बाजूला ठेवा आणि १०८ ला फोन करा. सीटी स्कॅन असलेल्या मोठ्या रुग्णालयातच जा. गुठळी विरघळवणारं इंजेक्शन साधारणपणे पहिल्या साडेचार तासांतच देता येतं. ते घड्याळ तुम्ही दवाखान्यात पोचता तेव्हा सुरू होत नाही. माणूस शेवटचा धडधाकट कधी दिसला होता, तिथून ते मोजतात. रात्री नीट झोपला आणि सकाळी उठताना हात उचलेना, तर झोपायला गेल्याची वेळ सांगायची. अक्कलकोट, मंगळवेढा किंवा तुळजापूरकडून येणाऱ्यांचा प्रवासातच तास-दीड तास जातो. म्हणून ‘वारं गेलंय’ म्हणून आधी तेल चोळणं, झाडपाल्याचं औषध घ्यायला दुसऱ्या गावी जाणं, कबुतराचं रक्त लावणं यात एक मिनिटही घालवू नका. हे कुणाच्या श्रद्धेला दुखवायला लिहीत नाही. त्या दोन तासांत काय वाचू शकलं असतं ते पुढची कित्येक वर्षं त्या घराला दिसत राहतं, म्हणून लिहिते.

पहिली पायरी : ही जागा कुठे आहे ते डोळ्यांसमोर आणा

गोळीच्या कॅप्सूलशी याचा काही संबंध नाही. मेंदूच्या वरच्या करड्या थराला कॉर्टेक्स म्हणतात. हात हलव, पाय उचल, जीभ वळव हे हुकूम तिथून निघतात आणि पांढऱ्या तंतूंवरून खाली मज्जारज्जूकडे जातात. वरती हे तंतू पंख्यासारखे पसरलेले असतात. त्या पसरलेल्या भागाला कोरोना रेडिएटा म्हणतात, हाही शब्द रिपोर्टमध्ये भेटतो. खाली येता येता ते जवळ येतात आणि मेंदूच्या गाभ्यातल्या करड्या गाठींमधल्या अरुंद जागेतून उतरतात. आतल्या अंगाला थॅलॅमस आणि कॉडेट, बाहेरच्या अंगाला लेंटिफॉर्म न्यूक्लियस, आणि या दोहोंच्या मधून जाणारा पांढरा पट्टा म्हणजे इंटर्नल कॅप्सूल. असा पट्टा डावीकडे एक आणि उजवीकडे एक असतो. हालचालीचे हुकूम नेणारे तंतू एकेका बाजूला सुमारे दहा लाख असतात, आणि पट्ट्याची जाडी मात्र सेंटीमीटरच्या आतबाहेर.

यंत्रमागाच्या धंद्यातल्या माणसाला हे समजवायला मला कधी वेळ लागलेला नाही. वार्पिंग करताना, म्हणजे ताण्याचे उभे धागे गुंडाळताना, रॅकवर सुताचे शेकडो कोन लावलेले असतात, त्यांचे धागे लांबून येतात आणि फणीपाशी एकत्र होतात. रॅकजवळ कात्री लागली तर चार-दोन धागे तुटतील. तेवढीच कात्री फणीजवळ लागली तर सगळा ताणा गेला. कॉर्टेक्समध्ये ११ मिलिमीटरचा घाव झाला तर कदाचित एका हाताच्या बोटांपुरताच त्रास होईल. तोच घाव इंटर्नल कॅप्सूलमध्ये झाला तर चेहरा, हात आणि पाय तिन्ही एकदम जाऊ शकतात.

दुसरी पायरी : डावं की उजवं

रिपोर्टमधलं ‘लेफ्ट’ किंवा ‘राइट’ ही मेंदूची बाजू असते. हालचालीचे बहुतेक तंतू मेंदूच्या तळाशी, मेड्युलाच्या खालच्या टोकाला एकमेकांना ओलांडून पलीकडे जातात. म्हणून डाव्या इंटर्नल कॅप्सूलला इजा झाली की उजवा हात-पाय जातो. रिपोर्ट चुकलाय असं समजून कुणी सेंटरवर भांडायला जाऊ नका.

फिल्म उजेडाला धरून पाहणार असाल तर आणखी एक ध्यानात ठेवा. रुग्ण उताणा झोपलाय आणि आपण त्याच्या पायाकडून पाहतोय, अशा पद्धतीने चित्र छापलेलं असतं. त्याची उजवी बाजू तुमच्या डाव्या हाताला येते. कडेला ‘आर’ आणि ‘एल’ ही अक्षरं असतात, ती आधी शोधा.

रिपोर्टमधली बाजू आणि रुग्णाची गेलेली बाजू जुळत नसेल, म्हणजे उजवा हात गेलाय आणि ठिपकाही उजव्याच कॅप्सूलमध्ये लिहिलाय, तर डॉक्टरांना तेवढंच विचारा. तो ठिपका जुना असू शकतो आणि आजचा घाव दुसरीकडेच असू शकतो. टाइप करताना बाजू बदललेली असण्याचीही शक्यता असते. विचारण्यात संकोच कसला?

तिसरी पायरी : पट्ट्याचा कोणता भाग

माझ्या मते रिपोर्टमधली सर्वांत मोलाची माहिती हीच, आणि नातेवाईक नेमकी हीच वगळून पुढे जातात.

आडव्या छेदात इंटर्नल कॅप्सूल इंग्रजी ‘व्ही’ अक्षरासारखी दिसते आणि तिचं टोक मेंदूच्या मध्यरेषेकडे असतं. पुढची फांदी म्हणजे अँटीरियर लिंब, वळणाची जागा म्हणजे जेनू, आणि मागची लांब फांदी म्हणजे पोस्टीरियर लिंब. विद्यार्थ्यांना यापलीकडे रेट्रोलेंटिफॉर्म आणि सबलेंटिफॉर्म असे आणखी दोन भाग शिकायचे असतात. पहिल्यातून दृष्टीचे तंतू जातात, दुसऱ्यातून मुख्यतः ऐकण्याचे. घरच्यांना पहिले तीन पुरेत.

पोस्टीरियर लिंब लिहिलं असेल तर हात-पाय जाणं अपेक्षितच आहे. हाताचे तंतू पुढे आणि पायाचे त्यांच्या मागे असतात. थॅलॅमसकडून वर जाणारे संवेदनेचे तंतूही इथूनच जातात, त्यामुळे काहींना त्या बाजूला बधिरपणा येतो किंवा मुंग्या येतात. पण कित्येकांचा स्पर्श अगदी शाबूत राहतो आणि फक्त ताकद जाते. मिलर फिशर या मेंदूतज्ज्ञाने १९६५ मध्ये अशा रुग्णांचं वर्णन नीट मांडलं. ‘प्युअर मोटर स्ट्रोक’ असा शब्द डिस्चार्ज कार्डावर दिसला तर तो याच प्रकाराचा. चिमटा काढला की कळतं पण हात हलत नाही, म्हणून ‘नाटक करतोय’ असं म्हणणारे नातेवाईक मी पाहिले आहेत. तसं अजिबात नसतं. संवेदना वर नेणारे तंतू वेगळे आणि हुकूम खाली आणणारे वेगळे.

जेनूमधून चेहरा, जीभ आणि घसा यांचे तंतू जातात. तिथे घाव असेल तर तोंड एका बाजूला ओढल्यासारखं दिसतं, उच्चार जड होतात, गिळताना ठसका लागतो. अशा रुग्णाला कपाळाला आठ्या घालता येतात आणि डोळाही बहुधा मिटता येतो, कारण चेहऱ्याच्या वरच्या भागाला मेंदूच्या दोन्ही बाजूंकडून हुकूम येतात. कपाळासकट सगळी बाजू ढिली पडली असेल तर चेहऱ्याच्या नसेचा वेगळा आजार असू शकतो. तो निवाडा डॉक्टरांचाच.

अँटीरियर लिंबमधून कपाळामागच्या मेंदूचे तंतू जातात. इथल्या घावात ताकद कमी जाते, पण कधी कधी माणूस मंदावतो, स्वतःहून बोलत नाही, कशातच रस घेत नाही. घरचे म्हणतात, ‘बाबांनी मनाला लावून घेतलंय.’ ते खरंही असेल, पण मेंदूतला घावही तसं करू शकतो, म्हणून ही गोष्ट डॉक्टरांच्या कानावर घाला.

ही विभागणी पुस्तकातली आहे. प्रत्यक्षात घाव कुंपण पाहून थांबत नाही आणि माणसामाणसांत थोडा फरक असतो.

चौथी पायरी : तिथे काय झालंय

इन्फार्क्ट म्हणजे रक्तपुरवठा तुटल्याने मेलेला भाग. हेमरेज, ब्लीड किंवा हिमॅटोमा म्हणजे रक्तस्राव. दोन्हींवरचे उपचार एकमेकांच्या उलट असतात, एकात रक्त पातळ ठेवायचं आणि दुसऱ्यात ते वाहू द्यायचं नाही. म्हणूनच कोणतंही इंजेक्शन देण्याआधी सीटी काढतात. ताजं रक्त सीटीवर पांढरं दिसतं, त्याला हायपरडेन्स लिहितात. इन्फार्क्ट काळपट दिसतो, तो हायपोडेन्स. पहिल्या काही तासांत इन्फार्क्ट सीटीवर दिसेलच असं नाही. ‘सीटी नॉर्मल आला तरी अ‍ॅडमिट का केलं?’ हा राग त्यामुळे अनाठायी असतो. एमआरआयवर तो लवकर पकडता येतो. रिपोर्टमध्ये ‘रिस्ट्रिक्टेड डिफ्यूजन’ असेल तर इन्फार्क्ट बहुधा ताजा, म्हणजे साधारण गेल्या दहा-पंधरा दिवसांतला असतो. ‘क्रॉनिक’, ‘ओल्ड’, ‘ग्लायोसिस’ हे शब्द जुन्या घावाचे. पुष्कळांच्या रिपोर्टमध्ये असा एखादा जुना लहान घाव अचानक निघतो आणि घरात कुणालाच आठवत नाही की कधी काही झालं होतं. काही घाव खरोखरच कळत नाहीत.

आपल्याकडच्या रिपोर्टमध्ये ‘गँग्लिओकॅप्सुलर’ किंवा ‘कॅप्सुलोगँग्लिओनिक’ असा लांबलचक शब्द फार येतो. त्याचा अर्थ एवढाच, की घाव बेसल गँगलिया या करड्या गाठी आणि शेजारची कॅप्सूल अशा दोन्ही ठिकाणी पसरलाय. रक्तदाबामुळे होणारा रक्तस्राव बहुधा पुटामेन नावाच्या गाठीत सुरू होतो आणि आतल्या बाजूला कॅप्सूलवर दाब आणतो, म्हणून हा जोडशब्द रक्तस्रावाच्या रिपोर्टमध्ये जास्त भेटेल. रक्तस्रावात तंतू तुटलेत की नुसते बाजूला ढकलले गेलेत, यावर पुढची सुधारणा बरीच अवलंबून असते. ढकलले गेलेले तंतू दाब उतरल्यावर पुन्हा काम करू लागू शकतात. मोठा रक्तस्राव झालेला माणूस महिन्यांनी चालायला लागतो आणि लहान इन्फार्क्टवाल्याची बोटं मात्र उघडत नाहीत, असं दिसतं ते यामुळेही.

पाचवी पायरी : आकडा वाचा, पण त्यावर निकाल देऊ नका

‘लॅक्युनर’ म्हणजे छोटा, खोलवरचा घाव. जुना लॅक्यून साधारण १५ मिलिमीटरपर्यंतचा धरतात. गुठळीने होणाऱ्या एकूण पक्षाघातांपैकी सुमारे पाव हिस्सा या जातीचे असतात. ‘स्मॉल’ लिहिलंय म्हणून निर्धास्त होऊ नका आणि ‘मल्टिपल’ वाचून हातपाय गाळू नका. आकड्याच्या आधी जागा, आणि जागेच्या आधी रुग्ण. आज बोट किती हललं, काल किती हललं होतं, हे मिलिमीटरपेक्षा जास्त सांगतं.

चुकामूक करणारे दोन-तीन शब्द पटकन सांगते. ‘एक्स्टर्नल कॅप्सूल’ ही वेगळी जागा आहे, लेंटिफॉर्मच्या बाहेरच्या अंगाची. हालचालीचा मुख्य मार्ग तिथून जात नाही. ‘पेरिव्हेंट्रिक्युलर स्मॉल व्हेसल इस्केमिक चेंजेस’ हे वय, रक्तदाब आणि मधुमेह यांनी बारीक रक्तवाहिन्यांवर केलेला जुना परिणाम दाखवतं. साठीच्या पुढे हे खूप जणांत सापडतं. ‘फझेकास ग्रेड’ ही त्याचीच ० ते ३ अशी मोजणी.

सहावी पायरी : रिपोर्ट मिटवून माणसाकडे वळा

फक्त कॅप्सूलमधल्या लहान घावात भाषा सहसा जात नाही. बोलणं जड येतं, शब्द तोंडात घोळतात, पण समजणं आणि योग्य शब्द सुचणं शाबूत असतं. वडिलांना सगळं कळतंय. त्यांच्या खाटेपाशी उभं राहून ‘आता यांचं काही खरं नाही’ असं बोलू नका. ही विनंती मी प्रत्येक घरी करते. उजव्या अंगाचा पक्षाघात झालेल्या माणसाला तुमचं बोलणंच उमगत नसेल किंवा तो भलतेच शब्द बोलत असेल, तर घाव कॉर्टेक्सपर्यंत गेलाय का हे विचारायला हवं.

आपल्या शहरात घरोघरी तेलुगू आणि कन्नड बोलतात. बोलण्याचे व्यायाम रुग्णाच्या घरच्या भाषेत घ्या. आयुष्यभर तेलुगू बोललेल्या आजीकडून मराठीत ‘क-ख-ग’ वदवून घेण्यात तिची दमछाक होते, आणि खरा दोष उच्चारात आहे की भाषेत हेही कळत नाही.

गिळण्याची तपासणी झाल्याशिवाय तोंडाने काही देऊ नका, अगदी पाणीसुद्धा. उलट पातळ पाणीच जास्त ठसका देतं. परवानगी मिळाल्यावर सरळ बसवून, छोट्या घासांनी, घाई न करता भरवा. कडक भाकरीचा तुकडा, शेंगाचटणी, चुरमुरे यांचे कण घशात अडकतात. भाकरी आमटीत पूर्ण भिजवून मऊ एकजीव केलेली चालेल का, हे स्पीच थेरपिस्ट किंवा डॉक्टरांना विचारून ठरवा.

लुळ्या हाताला धरून कधीही ओढू नका. सुरुवातीला खांद्याभोवतीचे स्नायू ढिले असतात आणि सांधा खाली निसटतो. मग पुढचे कित्येक महिने त्या दुखण्यामुळे व्यायामच करता येत नाही. उठवताना पाठीमागून आणि कमरेला आधार द्या. झोपवल्यावर हाताखाली उशी ठेवा. काही आठवड्यांनी हाच हात कोपरात दुमडून ताठर व्हायला लागतो, बोटं मिटतात, पाय मात्र सरळ ताठतो आणि चालताना अर्धवर्तुळात फिरतो. तंतूंच्या या मार्गाला इजा झाल्यावर असं पुष्कळदा होतं. ताठरपणा म्हणजे ‘ताकद आली’ असं नव्हे. रोजचं ताणणं तेव्हापासून वाढवायचं. सुधारणेचा वेग पहिल्या तीन महिन्यांत सर्वांत जास्त असतो आणि नंतर मंदावतो. तो थांबत नाही, त्यामुळे चौथ्या महिन्यात व्यायाम सोडू नका.

सातवी पायरी : कारण विचारा

इंटर्नल कॅप्सूलला रक्त पोचवणाऱ्या लेंटिक्युलोस्ट्रिएट धमन्या मिलिमीटरहूनही बारीक असतात आणि मोठ्या धमनीतून थेट काटकोनात फुटतात. त्यामुळे रक्तदाबाचा मारा त्यांच्यावर सरळ बसतो. वर्षानुवर्षांच्या दाबाने त्यांची भिंत जाड होऊन त्या बुजतात किंवा कमजोर होऊन फुटतात. इन्फार्क्ट असो वा ब्लीड, या जागेचं नाव आलं की रक्तदाब, साखर आणि तंबाखू या तिघांची चौकशी व्हायलाच हवी. ‘बीपी नॉर्मल आलं म्हणून गोळी बंद केली’ हे वाक्य मी इतक्या घरांत ऐकलंय की ते ऐकताना आता पोटात गोळा येतो. गोळी चालू होती म्हणून ते नॉर्मल होतं. शेंगाचटणी सोडा असं सोलापूरकराला सांगणं जिवावर येतं, पण घरी कुटताना मीठ निम्मं करता येतं, आणि पापड-लोणचं त्याच ताटात नको.

एक धोक्याची खूण घरातल्या सर्वांना माहीत असू द्या. चेहरा, हात, पाय असे तिन्ही काही मिनिटं जातात, परत येतात, पुन्हा जातात, असं दिवसभरात दोन-तीनदा होतं. याला ‘कॅप्सुलर वॉर्निंग सिंड्रोम’ म्हणतात. परत आलं म्हणून घरी थांबायचं नसतं. अशांपैकी बऱ्याच जणांना पुढच्या काही दिवसांतच कायमचा पक्षाघात होतो, म्हणून त्याच दिवशी भरती व्हायचं.

डॉक्टरांकडे जाताना

राउंडच्या वेळी हाती दोन-तीन मिनिटंच असतात, म्हणून प्रश्न कागदावर लिहून न्या. घाव कॅप्सूलच्या कोणत्या भागात आहे? ताजा किती, जुना किती? लक्षणं त्याच घावाने पूर्ण समजतात का? मानेच्या धमन्या आणि हृदय तपासायचं आहे का? रक्त पातळ करणारी गोळी किती दिवस? रक्तदाब किती ठेवायचा? व्यायाम कधीपासून? खर्चाचा प्रश्न असेल तर महात्मा फुले जनआरोग्य योजनेत काय बसतं ते रुग्णालयातल्या आरोग्यमित्राला पहिल्याच दिवशी विचारा, डिस्चार्जच्या दिवशी नको.

फिल्म, सीडी आणि रिपोर्ट एकाच पिशवीत, तारखेवारी ठेवा. काही महिन्यांनी पुन्हा एमआरआय झाला तर त्यात ‘वॉलेरियन डीजनरेशन’ असा नवा शब्द दिसू शकतो आणि कॅप्सूलच्या खाली, ब्रेनस्टेममध्येही (मेंदूच्या देठात) फरक लिहिलेला असतो. तो नवा झटका नसतो. वर तुटलेल्या तंतूंची खालची टोकं कालांतराने झिजतात, त्याची ती खूण असते. जुनी फिल्म शेजारी असेल तर रेडिऑलॉजिस्टला हे लगेच ओळखता येतं, म्हणून दुसऱ्या तपासणीला जाताना जुनी पिशवी सोबत न्या आणि टेबलावर चढायच्या आधीच ती काउंटरवर द्या.